उत्तनचा प्रवास आणि एका वितळतारेची गोष्ट

ठाण्यांत साठ वर्षें काढूनहि मीं उत्तनचा समुद्र पाहिला नव्हता, असें सांगितलें तर वाचकांस आश्चर्य वाटेल. परंतु जवळच्या ठिकाणीं उद्यां जाऊं, परवां जाऊं, असें म्हणतां म्हणतां वर्षें निघून जातात, हा अनुभव पुष्कळांचा असेल. यंदाच्या मार्गशीर्षांत एका रविवारीं तो योग आला. निमित्त झालें आमच्या वहिनींचें. माझे वडील बंधु गेल्या वर्षीं वारले. ते इतिहासाचे शिक्षक. वसईचा वेढा शिकवितांना त्यांचा आवाज चढत असे. पण ज्या धारावीच्या टेकडीवरून वसई समोर दिसते ती टेकडी पाहावयाची त्यांची इच्छा शेवटपर्यंत राहून गेली. वहिनी एके दिवशीं म्हणाल्या, “भावोजी, त्यांचें राहिलें. निदान मी तरी पाहून येतें.” यावर नाहीं म्हणणें शक्यच नव्हतें.

आम्ही चौघें निघालों. वहिनी, मी, गाडी चालविण्यास पुतण्या आणि त्याची कन्या, म्हणजे आमची नात. या नातीविषयीं दोन शब्द आधींच सांगितले पाहिजेत. दहावीच्या परीक्षेंत तिला संस्कृतांत उत्तम गुण मिळाले होते. पुढें तिनें काव्यशास्त्र किंवा न्याय यांपैकीं एखादा विषय घेऊन मोठी विदुषी व्हावें, असें माझें स्वप्न. तिनें पसंत केली मोटारगाड्यांच्या विद्येची पदविका! हातांस तेल लागणारी ती विद्या ऐकून मी खिन्न झालों. गेलीं दोन वर्षें आमच्या घरांत सर्व विषयांवर बोलणें होत असे, तो एक विषय मात्र आम्हां दोघांत बंद होता. मी विचारीत नसें आणि ती सांगत नसे.

ठाण्याहून उत्तनला जावयाचें म्हणजे घोडबंदरचा रस्ता. कासारवडवली मागें पडून गायमुखाचा चढ लागला, कीं उजव्या हातास खाडी आणि डाव्या हातास येऊरच्या डोंगराची झाडी दिसूं लागते. पुढें चेणें ओलांडल्यावर घोडबंदर येतें. येथें पूर्वीं परदेशचे घोडे उतरत म्हणून हें नांव पडलें, असें म्हणतात. खाडीच्या कांठचा किल्ला पोर्तुगीजांनीं बांधला व १७३७ सालीं तो मराठ्यांनीं घेतला. तेथून मुंबई-अहमदाबाद महामार्गानें काशीमिऱ्यापर्यंत येऊन पश्चिमेकडे वळलें, कीं मिरा रोड आणि भाईंदर.

आज मिरा-भाईंदर हें एकच शहर असलें, तरी वस्तुतः ती अनेक गांवांची जुळणी आहे. १९८५ सालीं ग्रामपंचायती एकत्र करून येथें नगरपरिषद झाली. २००२ सालीं तिची महानगरपालिका झाली. रेल्वेच्या दोन्ही अंगांस इमारतींची दाटी इतकी, कीं आकाश मान वर करून शोधावें लागतें. परंतु भाईंदर पश्चिमेची वस्ती संपली आणि उत्तनचा रस्ता लागला, कीं जणूं पडदा बदलतो. मुर्धा, राई, मोर्वा हीं जुनीं गांवें एकामागून एक येतात. बैठीं घरें, अंगणांतल्या तुळशी, मधूनच एखादा क्रूस, आणि गांवांच्या भोंवतीं मिठागरें व तिवरांचीं बेटें. पुढें डोंगरी आणि मग उत्तन. उत्तन हें कोळ्यांचें गांव. किनाऱ्यावर बांबूंच्या काठ्यांवर बोंबील वाळत घातलेले. वहिनींनीं नाकास पदर लावला खरा, पण वेलंकणी मातेच्या देवळासमोर आल्यावर तोच पदर खालीं घेऊन त्यांनीं हात जोडले.

आमचें जावयाचें ठिकाण त्याच्याहि पुढें, चौक येथें होतें. येथील टेकडीवर धारावीच्या किल्ल्याचे अवशेष आहेत. ही धारावी म्हणजे मुंबईंतील प्रसिद्ध वस्ती नव्हे. वसईच्या खाडीच्या मुखाशीं, दक्षिण तीरावर असलेली ही निराळी धारावी. टेकडीवर उभें राहिलें कीं समोर पाणी आणि पलीकडे वसईचा किनारा. चिमाजीअप्पांच्या मोहिमेंत या लहानशा ठिकाणासाठीं मराठे व पोर्तुगीज यांच्यांत निकराच्या झटापटी झाल्या. कारण उघड आहे. वसईचा कोट बळकट, तोफा भारी. पण त्याला रसद येणार ती समुद्रांतून आणि या खाडीच्या तोंडांतून. तें तोंड ज्याच्या हातीं, त्याच्या हातीं वसईचा घांस. धारावी मराठ्यांकडे आली आणि मे १७३९ मध्यें वसई पडली. वहिनी बराच वेळ पलीकडे पाहत उभ्या होत्या. मग एवढेंच म्हणाल्या, “एवढीशी टेकडी! मला वाटत होतें, केवढा गड असेल.”

सूर्य खालीं जाऊं लागला तेव्हां आम्ही परतलों. वहिनींना हृदयाचा विकार आहे. रात्रीं आठ वाजतां घ्यावयाची त्यांची गोळी घरींच राहिली होती, हें त्यांनीं डोंगरी मागें पडल्यावर सांगितलें. “घाई नको, पोंचूं आपण,” असें पुतण्या म्हणतो न म्हणतो, तोंच मोर्वा व राई यांच्या मध्यें गाडीनें दोन हिसके दिले, इंजिनाचा जीव गेल्यासारखा झाला आणि ती मिठागरांच्या कडेस निमूटपणें उभी राहिली.

पुतण्यानें किल्ली फिरविली. स्टार्टर जोरानें घुरघुरला, पण इंजिन पेट घेईना. पुन्हां फिरविली, पुन्हां तेंच. साहाय्य पाठविणाऱ्या कंपनीस त्यानें फोन केला. माणूस यावयास दोन तास लागतील असें उत्तर आलें. घड्याळांत सहा वाजले होते. तिवरांतून डांसांचे थवे निघूं लागले. मी पुतण्यास म्हणालों, “अरे, फिरव, फिरवीत राहा. कधीं तरी लागेल.”

“नको बाबा,” नात मागून म्हणाली. “अशानें बॅटरीहि जाईल. दिवे लख्ख आहेत, स्टार्टर जोरांत फिरतो आहे, म्हणजे बॅटरींत दोष नाहीं. कांटा अर्धी टांकी दाखवितो, म्हणजे पेट्रोलहि आहे. सगळे क्षणभर गप्प बसा. किल्ली फक्त अर्धी फिरवा, स्टार्टर लावूं नका.”

तिनें मागच्या बैठकीशीं कान नेला. किल्ली अर्धी फिरली. कांहींच ऐकूं आलें नाहीं.

“पंप बोलत नाहीं,” ती म्हणाली.

माझ्या तरुणपणींच्या पद्मिनी गाडीचा पंप इंजिनाच्या अंगास बसविलेला असे आणि तें फिरलें कीं त्याच्या दांड्यानें आपोआप हालत असे. खंडाळ्याच्या घाटांत तो तापून बसला, कीं त्यावर ओलें फडकें टाकावयाचें, एवढें वैद्यक सर्वांस ठाऊक होतें. हल्लींच्या गाड्यांतील पंप विजेवर चालतो आणि पेट्रोलच्या टांकींतच बुडविलेला असतो. ती टांकी बहुधा मागच्या बैठकीखालीं असते. किल्ली फिरवितांच तो सुमारें दोन सेकंद गुणगुणतो, नळींत दाब भरतो आणि इंजिन फिरूं लागेपर्यंत थांबतो. ही गुणगुण इतकी मंद असते, कीं गाडी धड असतांना तिच्याकडे कोणाचें लक्ष जात नाहीं. ती बंद पडली असतां मात्र टांकी भरलेली असूनहि इंजिन उपाशी राहतें. मला टेकडीवरून पाहिलेली वसई आठवली.

“पंप बोलत नाहीं याचीं कारणें तीन असूं शकतात,” नात बोटें मोडीत म्हणाली. “पंप स्वतः जळला, त्याला वीज देणारा रिले बिघडला, किंवा मधली फ्यूज गेली. सर्वांत सोपें तें आधीं पाहावें.”

शाळेंत आम्ही फ्यूजला ‘वितळतार’ म्हणत असूं. नांवांतच तिचें सारें जीवित आहे. ठरलेल्या मापापेक्षां अधिक वीज वाहूं लागली, कीं ती तापून वितळते, मार्ग तोडते आणि पुढील तारांस वांचविते. नातीनें किल्ली काढून घेतली, बॉनेट उघडलें आणि बॅटरीशेजारच्या काळ्या पेटीचें झांकण काढलें. झांकणाच्या आंतील बाजूस नकाशा असतो, हें मला त्या दिवशीं प्रथम कळलें. कोणती वितळतार कोणत्या कामाची आणि किती अँपिअरची, तें सर्व तेथें लिहिलेलें असतें. शिवाय त्यांना रंगहि ठरलेले असतात. लाल ती दहाची, निळी पंधराची, पिवळी वीसची, हिरवी तीसची. पंपाची निळी होती. पेटींतल्याच प्लॅस्टिकच्या चिमट्यानें तिनें ती उपटली आणि मोबाइलच्या उजेडांत मला दाखविली. आंतील बारीक कमान मधोमध तुटून तेथें काळा डाग पडला होता.

इतक्यांत मासळीचा एक रिकामा टेम्पो आमच्याजवळ थांबला. चालक उतरून आला. माणूस मदतीस तत्पर, बोलण्यांत मोकळा. त्यानें फ्यूज पाहिली आणि खिशांतून सिगारेटचें पाकीट काढून त्यांतील चंदेरी कागद फाडला. “हा गुंडाळा तिच्यावर, ताई. आत्तां चालू होईल. मी कैक वेळां केलंय.”

खरें सांगावयाचें तर मला तो देवदूतच वाटला. साडेसहा होत आले होते. वहिनी बोलत नव्हत्या, पण त्यांनीं घड्याळाकडे दोनदां पाहिलेलें माझ्या लक्षांत होतें. मी नातीस म्हणालों, “बाळ, वेळ पाहा. घाल तो कागद. नाहीं तर ती वीसची पिवळी घाल. घरीं गेल्यावर काय तें शास्त्र पाहूं.”

तिनें मान हलविली. “नाहीं आजोबा. पंपाला पांच-सात अँपिअर पुरतात. तरीहि पंधराची तार वितळली, म्हणजे कोठें तरी वीज भलत्या वाटेनें गेली. ती वाट अजून तशीच आहे. कागद घातला तर फ्यूज वितळणार नाहीं, मग तापेल ती पुढची तार. ती तार कोठून जाते ठाऊक आहे? आजीच्या बैठकीखालून, पेट्रोलच्या टांकीवरून.”

मी गप्प झालों. तो चालकहि क्षणभर गप्प झाला, मग हंसून त्यानें कागद खिशांत टाकला आणि म्हणाला, “पोरगी बरोबर बोलते.” त्यानें टेम्पोंतून काळी चिकटपट्टी आणि तार जोडलेला एक लहान दिवा आणला. दिव्याची तार गाडीच्या लोखंडास लावून टोक फ्यूजच्या माथ्यावरील दोन धातूच्या ठिपक्यांस आळीपाळीनें टेंकवावयाचें. किल्ली चालू असतां दोन्हींकडे दिवा लागला तर ती धड. एकीकडेच लागला तर ती गेलेली. ज्याला ती उपटावयाची नसेल त्यानें अशी परीक्षा करावी.

झांकणांत पंधराची जादा वितळतार नव्हती. तथापि मोबाइलला वीज पुरविणाऱ्या खांचेची एक आणि मागच्या कांचेच्या पुसणीची एक, अशा दोन निळ्या होत्या. त्या काढल्या तर गाडी चालण्यास बाध येत नव्हता. “दोनच आहेत,” ती म्हणाली. “त्या उधळायच्या नाहींत. आधीं मागची बैठक उचलून पंपाची जोडणी सोडवूं. मग एक घालून किल्ली फिरवूं. पंप सुटा असतांनाहि ती वितळली तर दोष तारेंत. टिकली तर दोष पंपांत.”

हें ऐकून मी चमकलों. घरीं संध्याकाळीं येणाऱ्या मुलांस मीं पुष्कळ वर्षें अन्नंभट्टाचा तर्कसंग्रह शिकविला आहे. डोंगरावरील धुरावरून अग्नीचें अनुमान कसें करावें. एक वस्तु असतांना दुसरी दिसते आणि ती नसतांना दिसत नाहीं, या अन्वय-व्यतिरेकानें कारण कसें निश्चित करावें, हें मीं फळ्यावर कितीदां लिहिलें असेल! पण मीं आयुष्यांत एकहि वस्तु या रीतीनें उलगडली नव्हती. मीं जें टाकलें असें समजून दोन वर्षें मनांत कुढलों, तेंच ही मुलगी हातांत चिमटा घेऊन करीत होती.

आम्हीं वहिनींस बाहेर उतरवून टेम्पोच्या फळीवर बसविलें आणि मागची बैठक उचलली. त्याबरोबर सर्वांच्या दृष्टीस जें पडलें तें लिहितांना आजहि लाज वाटते. बैठकीखालीं भुईमुगाच्या शेंगांची एक अर्धी फाटलेली पिशवी, भोंवतीं टरफलांचा सडा, कागदाचा भुगा, आणि त्यांतून जाणारी एक तार कुरतडलेली. तांबें उघडें पडून गाडीच्या पत्र्यास टेंकलें होतें. उंदीर रात्रीं येऊन जेवून जात होते आणि जेवण सरल्यावर तारेवर दांत घासत होते!

ती पिशवी मीं ठेविली होती. दिवाळीनंतर गांवाहून येतांना शेंगा आणल्या, पायांखालीं अडचण नको म्हणून मागें सारल्या, आणि विसरलों. पुतण्यानें माझ्याकडे पाहिलें, पण तोंडांतून शब्द काढला नाहीं. आदल्याच आठवड्यांत गाडी नीट झाडीत नाहीं म्हणून मीं त्याला दोन शब्द सुनावले होते. शेवटीं वहिनीच म्हणाल्या, “भावोजी, मी म्हणतच होतें, शेंगा गेल्या कोठें!” आणि त्या हंसूं लागल्या. त्या हंसल्या म्हणून मग सर्व हंसलों.

पुढचें काम नातीनें सावकाश केलें. चारी दारें उघडून गाडींत वारा खेळूं दिला. पेट्रोलचा वास येतो का तें पाहिलें. पेट्रोलची नळी शाबूत होती. ती कुरतडलेली असती तर गाडीस हात लावावयाचा नाहीं, सर्वांनीं दूर जाऊन बसावयाचें, असें तिनें स्पष्ट सांगितलें. बॅटरीचें ऋण टोंक सोडविलें, म्हणजे काम करतांना ठिणगी उडण्याचें भय नको. उघडें तांबें पुसून त्यावर चिकटपट्टीचे वेढे घेतले आणि तार पत्र्यापासून दूर बांधली. मग बॅटरी जोडली, पुसणीची निळी वितळतार पंपाच्या जागीं बसविली आणि ती माझ्याकडे वळली.

“आजोबा, कान लावा.”

मी वांकून कान लावला. किल्ली फिरली. एखादा भुंगा पेटींत कोंडावा तशी मंद गुणगुण दोन सेकंद झाली आणि थांबली. वितळतार टिकली. दुसऱ्याच क्षणीं इंजिन सुरू झालें. टेम्पोवाल्यानें टाळी वाजविली. आम्हीं देऊं केलेले पैसे त्यानें घेतले नाहींत. चिकटपट्टीचें उरलेलें वेटोळेंहि वाटेंत लागेल म्हणून आम्हांसच देऊन तो निघून गेला.

पावणेसात वाजले होते. भाईंदरची गर्दी, काशीमिऱ्याची गर्दी, घोडबंदरच्या चढावरील मालमोटारींची रांग. घरीं पोंचलों तेव्हां सव्वाआठ झाले होते. वहिनींनीं गोळी घेतली. पंधरा मिनिटांचा उशीर झाला. त्यानें कांहीं अपाय झाला नाहीं. परंतु सिगारेटचा कागद घालून निघालों असतों तर गायमुखाच्या अंधारांत काय झालें असतें, हा विचार त्या रात्रीं मला झोंप येऊं देईना. सल्ला दुसऱ्याचा होता, पण ‘घाल’ असें म्हणणारा मी होतों.

दुसऱ्या दिवशीं कारागिराकडून ती तार बदलून घेतली. चिकटपट्टी हा वाटेवरचा इलाज. तेवढ्यावर विसंबूं नये. पुसणीची वितळतार परत तिच्या जागीं गेली. ज्यांच्या घरीं गाडी आहे त्यांनीं एवढें अवश्य करावें. पेटीच्या झांकणांत प्रत्येक मापाच्या दोन जादा वितळतारा ठेवाव्या. गेलेलीच्या जागीं त्याच अंकाची घालावी. मोठी, किंवा तार-कागद, कधींहि घालूं नये. नवी लागलीच गेली तर तिसरी न घालतां कारण शोधावें किंवा जाणत्यास बोलवावें. आणि खाण्याची वस्तु गाडींत ठेवूं नये, हें मीं सांगणें म्हणजे जरा धाडसच, तरी सांगतों.

असो. त्या सोमवारीं रात्रीं जेवणें झाल्यावर मीं नातीस हाक मारली आणि म्हणालों, “तो रिले म्हणजे काय, तें राहिलें सांगावयाचें.” ती वही घेऊन आली. दोन वर्षांनंतर तो विषय आमच्या घरांत उघडला. तिनें आकृति काढली, मीं शंका विचारल्या. त्यांपैकीं दोन तिला बऱ्या वाटल्या असाव्या, कारण त्या तिनें वहींत उतरून घेतल्या. वहिनी कोपऱ्यांत वाती वळीत बसल्या होत्या. मधूनच त्यांनीं विचारलें, “मग पुढच्या रविवारीं वसईला जायचें ना? पलीकडून ती टेकडी कशी दिसते, तें पाहायचें आहे.”